०.१८ चा हिशेब: कियो शिमिझूचा काता बघायचा कसा आणि त्यावरून स्वतःची तयारी करायची कशी

५ ऑगस्ट २०२१, तोक्योतलं निप्पॉन बुदोकान. ऑलिंपिकमध्ये कराटे पहिल्यांदाच आलेलं, कोविडमुळे प्रेक्षागृह रिकामं, आणि महिलांच्या काताच्या (काता म्हणजे ठरलेल्या क्रमाने एकट्याने करून दाखवायच्या चाली) अंतिम सामन्यात जपानची कियो शिमिझू आणि स्पेनची सांद्रा सांचेझ. दोघींनी काताही एकच निवडला, चातान्यारा कुशांकू. शिमिझूला २७.८८ गुण मिळाले, सांचेझला २८.०६. फरक ०.१८.

हे ०.१८ कुठून आले ते ज्याला कागदावर मांडता येतं, त्याला काताची स्पर्धा बरीचशी कळली असं समजायला हरकत नाही. पुढची माहिती ब्राऊन बेल्टच्या पुढे गेलेल्या खेळाडूंसाठी आहे, आणि मॅटच्या कडेला बसून ‘आमच्या मुलीचा काता तर छानच झाला, मग गुण का कमी?’ असं विचारणाऱ्या पालकांसाठीही.

आधी खेळाडूची ओळख

कियो शिमिझू ओसाकाची, जन्म ७ डिसेंबर १९९३. मोठा भाऊ कराटे शिकायचा, त्याच्यामागोमाग तीही प्राथमिक शाळेत असताना शिकायला लागली. पुढे कान्साई विद्यापीठात शिकली. २०१३ ते २०१९ अशी सलग सात वर्षं ती ऑल जपान स्पर्धेत काताची विजेती होती. पहिलं विजेतेपद मिळालं तेव्हा तिला नुकतंच विसावं वर्ष पूर्ण झालं होतं. २०१४ मध्ये ब्रेमेनला आणि २०१६ मध्ये लिंझला ती जगज्जेती झाली. २०१८ मध्ये माद्रिदला सांचेझने तिला हरवलं. एशियाडमध्ये मात्र तिचं सुवर्ण कोणी हिरावलं नाही: इंचॉन २०१४, जकार्ता २०१८ आणि २०२३ मध्ये भरलेलं हांगझोऊ. २०२४ मध्ये ती निवृत्त झाली.

जपानच्या महिला काताची परंपरा तिच्यापाशी सुरू होत नाही. आत्सुको वाकाई १९९८ ते २००४ या काळात चार वेळा जगज्जेती झाली. रिका उसामीने २०१२ मध्ये पॅरिसला जगज्जेतेपद मिळवलं, तेही याच चातान्यारा कुशांकूवर. म्हणजे शिमिझू मॅटवर उतरायची तेव्हा हा काता आधी कोणी कसा मारला होता हे पंचांनाही पाठ असायचं. (इथे आणि पुढे ‘पंच’ म्हणजे गुण देणारे, हाताने मारायचा तो ठोसा.)

शिमिझूची शैली शितो-र्यू. ही शैली घडवणारे केन्वा माबुनी दोन गुरूंकडे शिकले, ओकिनावा बेटावरच्या शुरी गावाच्या परंपरेतले इतोसू आणि तिथल्याच नाहाच्या परंपरेतले हिगाओन्ना. शैलीचं नाव त्या दोघांच्या आडनावांतल्या पहिल्या चित्राक्षरांवरून आहे (त्यांचा दुसरा उच्चार ‘शि’ आणि ‘तो’). त्यामुळे या शैलीत वेगवान, लांब पल्ल्याचे शुरीचे कातेही येतात आणि श्वासावर चालणारे, जमिनीला चिकटलेले नाहाचे कातेही. स्पर्धेत एकाच दिवशी तीन-चार वेगवेगळे काते मारावे लागतात, तेव्हा या विविधतेचा मोठा उपयोग होतो. शोतोकान ही दुसरी शैली शिकणाऱ्यांनी लगेच शैली बदलावी असा याचा अर्थ नाही. शैली अर्धवट बदलली तर काय होतं ते पुढे येईलच.

गुणांचा कागद

२०१८ पर्यंत काताचा निकाल झेंड्यांवर लागायचा. पाच पंच, लाल किंवा निळा झेंडा वर, विषय संपला. हरलेल्याला का हरलो ते कळायचं नाही. शिमिझूची दोन्ही जगज्जेतेपदं याच पद्धतीतली. २०१९ पासून गुण आले आणि तोक्योत तीच पद्धत होती. नियम त्यानंतरही बदलत आलेले आहेत, म्हणून तुमच्या स्पर्धेच्या आयोजकांकडून चालू नियमपुस्तिका मागून घ्या. तोक्योचा हिशेब तरीही शिकावा, कारण पंच नेमकं काय बघतात ते त्यात आकड्यांत दिसतं.

तोक्योत सात पंच होते. प्रत्येक पंच दोन वेगळे गुण द्यायचा. पहिला तांत्रिक: पवित्रे, हातापायांची तंत्रं, एका तंत्रातून दुसऱ्यात जाण्याची हालचाल, टायमिंग, श्वास, किमे म्हणजे क्षणभर एकवटलेली ताकद, आणि शैलीशी प्रामाणिकपणा. दुसरा शारीरिक: ताकद, वेग, तोल. दोन्हींची पट्टी ५.० ते १०.०, आणि एक टप्पा ०.२ चा. प्रत्येक प्रकारात सर्वांत वरचे दोन आणि सर्वांत खालचे दोन गुण बाद होतात. उरलेल्या तिघांची बेरीज करायची. तांत्रिक बेरजेला ०.७ ने गुणायचं, शारीरिक बेरजेला ०.३ ने, आणि दोन्ही मिळवायचे.

एक नमुना करून बघा. समजा तांत्रिक गुण असे पडले: ९.०, ९.२, ९.२, ९.४, ९.४, ९.४, ९.६. खालचे ९.० आणि ९.२ गेले, वरचे ९.६ आणि ९.४ गेले. उरले ९.२, ९.४, ९.४. बेरीज २८.०, गुणिले ०.७ म्हणजे १९.६०. शारीरिक गुण समजा ९.०, ९.०, ९.२, ९.२, ९.२, ९.४, ९.४. मधले तीन ९.२ चे, बेरीज २७.६, गुणिले ०.३ म्हणजे ८.२८. एकूण २७.८८. पंचांच्या चिठ्ठ्या इथे कल्पनेतल्या आहेत, पण उत्तर शिमिझूच्या अंतिम सामन्यातल्या गुणांएवढंच येतं.

आता शारीरिक बेरीज २७.६ ऐवजी २८.२ करा, तांत्रिकला हात लावू नका. ८.४६ आणि १९.६० मिळून २८.०६. सांचेझचा आकडा.

यामागचं गणित सोपं आहे. तांत्रिकच्या एका टप्प्याची किंमत ०.१४ आणि शारीरिकच्या एका टप्प्याची ०.०६. ०.१८ हा फरक शारीरिकच्या बरोबर तीन टप्प्यांनी भरून निघतो. तांत्रिकमध्ये तीन टप्पे पुढे आणि शारीरिकमध्ये चार टप्पे मागे असंही कागदावर जमतं, पण ते ओढूनताणून. सरळ वाचन हेच की तंत्रात दोघी बरोबरीत आणि ताकद, वेग, तोल यांत सांचेझ पंचांच्या मते किंचित पुढे. सांचेझ तेव्हा ३९ वर्षांची होती आणि शिमिझू २७ ची, हे लक्षात घेतलं तर तो कागद आणखी बोलका होतो.

यातून दोन गोष्टी निघतात आणि त्या वरवर एकमेकींच्या विरुद्ध वाटतात. जिल्हा आणि राज्य पातळीवर तांत्रिकचा एक टप्पा शारीरिकच्या दोन टप्प्यांहून जड असतो. म्हणून पवित्रे कच्चे असताना उड्या आणि वेगावर घाम गाळणं हा तोट्याचा धंदा. सगळ्यांत वरच्या पातळीवर तंत्रात सगळेच पक्के असतात, तिथे निकाल त्या ३० टक्क्यांत लागतो. आपण कुठल्या पातळीवर आहोत ते आधी ठरवा. बरेच जण हा निर्णय घेतच नाहीत आणि ऑलिंपिकच्या क्लिपा बघून थेट उड्यांपासून सुरुवात करतात.

आणखी एक. कडेचे चार गुण बाद होत असल्यामुळे एकट्या पंचाचं प्रेम किंवा राग इथे फारसा चालत नाही. ‘तो पंच त्यांच्याच क्लासचा होता’ ही तक्रार या पद्धतीत बरीचशी पोकळ ठरते.

व्हिडिओ तीनदा बघा

शिमिझूच्या काताचे व्हिडिओ भरपूर सापडतात. बहुतेक जण ते एकदाच बघतात, ‘काय वेग आहे!’ म्हणतात आणि पुढे सरकतात. शिकायचं असेल तर तीन फेऱ्या करा.

पहिल्या फेरीत आवाज बंद करून फक्त डोक्याच्या शेंड्याकडे बघा. स्क्रीनवर डोक्याच्या उंचीला कागदाची पट्टी चिकटवली तर उत्तम. एका पवित्र्यातून दुसऱ्यात जाताना तिचं डोकं पट्टीच्या वर येत नाही. ते वर-खाली होतं ते काताच जिथे तसं सांगतो तिथेच. सामान्य खेळाडू प्रत्येक पावलाला दोन-तीन इंच उठतो आणि पुन्हा बसतो. पंचांच्या भाषेत ही संक्रमणाची हालचाल, आणि माझ्या मते निम्मे काते इथेच हरले जातात. ठोसा तर सगळेच जोरात मारतात.

दुसऱ्या फेरीत डोळे मिटून फक्त ऐका. ड्रेसचा फटका, पाय टेकल्याचा आवाज, श्वास. ड्रेसचा आवाज तंत्राच्या शेवटच्या क्षणी येतो, मधे येत नाही. आणि श्वास घेतल्याचा आवाज जवळजवळ येतच नाही.

तिसऱ्या फेरीत स्टॉपवॉच घ्या आणि थांबे मोजा. कुठे अर्धा सेकंद, कुठे दीड. सलग येणाऱ्या चाली आणि त्यांच्यानंतरचा थांबा यांचा नकाशा वहीत काढा. मग स्वतःच्या काताचा असाच नकाशा काढून शेजारी ठेवा. नवख्याचे थांबे सगळे सारख्याच लांबीचे निघतात. पाढे म्हटल्यासारखा काता त्यालाच म्हणतात.

कोणता काता आणि कोणत्या क्रमाने

तोक्योच्या वेळी कराटेच्या जागतिक संघटनेच्या यादीत १०२ काते होते आणि एकदा मारलेला काता पुढच्या फेरीत पुन्हा चालत नव्हता. तोक्योत दहा खेळाडू होते, पाच-पाचचे दोन गट. पहिल्या टप्प्यात दोन काते, त्यातून प्रत्येक गटातल्या तिघी पुढे. मग क्रमवारीसाठी एक काता. गटात पहिली आलेली सुवर्णासाठी, बाकीच्या दोघी कांस्यासाठी. म्हणजे पदकापर्यंत चार वेगळे काते.

क्रम ठरवणं हा जुगारच असतो. सगळ्यांत चांगला काता शेवटी ठेवावा म्हणावं, तर तिथवर पोहोचायला हवं. पहिल्याच फेरीत वापरावा, तर अंतिम सामन्याला शिदोरी संपलेली. शिमिझूने चातान्यारा कुशांकू शेवटासाठी राखला होता, कारण बाकीचे तीन तिला अंतिम सामन्यापर्यंत नेतील एवढे पक्के होते. तुमच्याकडे तसं नसेल तर साधा नियम: पहिल्या फेरीला दुसऱ्या क्रमांकाचा काता, सर्वांत चांगला शेवटून दुसऱ्या फेरीला, आणि शेवटाला तो, जो थकल्या पायांनीही बिघडत नाही. थकल्यावर काय बिघडतं? उडी आणि एका पायावरचा तोल. म्हणून शेवटचा काता निवडताना हेच दोन तपासा.

जड आणि वेगवान असे दोन्ही प्रकार हाताशी ठेवा. सुपारिनपेई (नावाचा अर्थ १०८) लांब आहे, त्यात सावकाश श्वासाच्या चाली आहेत आणि दमसास लागतो. पापुरेन चिनी श्वेत-क्रौंच परंपरेतला, हातांच्या बारीक कामाचा. कुशांकू घराणं वळणांचं, अचानक खाली बसण्याचं आणि उडीचं.

चातान्यारा कुशांकूच्या नावातच पत्ता आहे: ओकिनावातलं चातान गाव, तिथला यारा, आणि त्याने जपलेला कुशांकू. कुशांकू हे ओकिनावात आलेल्या चिनी दूताचं नाव मानलं जातं. शाळकरी मुलांनी या कात्याच्या वाटेला जाऊ नये. इतोसूंनी रचलेले पाच पिनान (शोतोकानवाले त्यांना हेइआन म्हणतात) आधी घोटा. त्यांतल्या कित्येक चाली कुशांकूशी नातं सांगतात, म्हणजे मेहनत वाया जात नाही. मग बस्साई दाई आणि सेइएन्चिन. सेइएन्चिनमध्ये शिको-दाची (पाय फाकवून, गुडघे वाकवून खाली बसलेला पवित्रा) एवढी आहे की पाय आपोआप तयार होतात.

पाया तपासायचे चार प्रयोग

दोरीचा प्रयोग. झेनकुत्सु-दाचीत (पुढचा गुडघा वाकवलेला लांब पवित्रा) उभे राहा. डोक्याच्या बोटभर वर, पाच पावलं मावतील एवढी लांब दोरी ताणून बांधा, दोन्ही टोकांना खुर्च्या किंवा माणसं. तिच्याखालून पाच पावलं पुढे जा, पाच मागे. केस दोरीला लागले की तुम्ही उठलात. कारण बहुधा एकच असतं, मागचा पाय जवळ आणताना टेकू दिलेला गुडघा सरळ होतो. उपाय म्हणजे पाय शेजारून जाताना क्षणभर थांबायचं आणि दोन्ही गुडघे वाकलेले आहेत का ते बघायचं. रोज वीस पावलं, दोन आठवडे.

वजनकाट्याचा प्रयोग. नेकोआशी-दाचीत (मांजराच्या पावलासारखा पुढचा पाय हलका टेकवलेला पवित्रा) सुमारे ९० टक्के भार मागच्या पायावर हवा. घरातला वजनकाटा पुढच्या पायाखाली ठेवा आणि मागच्या पायाखाली त्याच उंचीची फळी किंवा जाड पुस्तकं. ५० किलोच्या खेळाडूचा काटा ५ किलोच्या आसपास हवा. १२-१५ दाखवत असेल तर तुम्ही पुढे झुकता आहात. मग त्या पायाने लाथ मारायची वेळ आली की आधी मागे सरकावं लागतं, आणि ते सरकणं पंचांना दिसतं. काट्याशिवायची परीक्षा: अंग जराही न हलवता पुढचा पाय उचलता यायला हवा.

खडूचा प्रयोग. बहुतेक काते सुरू झाले तिथेच संपतात. सुरुवातीला पायांच्या भोवती खडूने रेघ मारा, काता संपल्यावर बघा. वीतभर फरक चालून जाईल. एका पावलाएवढा फरक पडला तर उजव्या आणि डाव्या पवित्र्याची लांबी वेगळी आहे. मोजपट्टी लावा. तीन सेंटीमीटरचा फरक एकदा काहीच वाटत नाही, दहा पावलांत तो फूटभर होतो.

फोनचा प्रयोग. फोन कमरेच्या उंचीला, चार मीटर लांब, बाजूने लावा आणि १२० फ्रेमचा स्लो मोशन घ्या. पाय टेकतो आणि मूठ थांबते त्यांत किती फ्रेम जातात ते मोजा. सहा फ्रेम म्हणजे ०.०५ सेकंद. पाय आधी आणि हात नंतर, हा सर्वांत जास्त दिसणारा दोष. तो आला की ठोशात फक्त खांद्याचा जोर उरतो. दुसरा व्हिडिओ समोरून घ्या, कारण पंच समोरून बघतात.

या सगळ्यात शैली एकच ठेवा. शोतोकानचा खेळाडू शिमिझूचा व्हिडिओ बघून कांकू-दाईत (कुशांकूचं शोतोकानमधलं रूप) कोकुत्सु या शोतोकानच्या पवित्र्याऐवजी नेकोआशी घालतो, तेव्हा त्याला वाटतं काता सुधारला. पंचाला तो ना शोतोकान दिसतो ना शितो-र्यू. शैलीशी प्रामाणिकपणा हा तांत्रिकचाच भाग आहे, म्हणजे तोक्योच्या पद्धतीत त्याची किंमत ०.१४ ने मोजली जायची.

किमेबद्दल थोडक्यात: ताकद लावणं सगळ्यांना येतं, सोडणं येत नाही. ठोशाच्या शेवटी मूठ थरथरत असेल तर तुम्ही ताण फार वेळ धरून ठेवता. अंग आवळायचं ते डोळ्याची पापणी लवेपर्यंत, मग लगेच सैल, पवित्रा मात्र तसाच.

त्या तीस टक्क्यांसाठी

पाया बसला असेल तरच पुढे वाचा.

कुशांकू घराण्यात दोन जागा निकाल फिरवतात. पहिली, उभ्यावरून एकदम जमिनीलगत बसण्याची. चुकतं कसं? कंबर आधी पडते, मग हात शोधत शोधत जमिनीकडे जातात आणि गुडघा आपटतो. बरोबर करताना नजर आधी वळते, मग मागचा पाय सरकतो आणि हात-कंबर एकत्र खाली येतात. हळू शिका: चार आकड्यांत खाली, दोन आकडे थांबा, चारांत वर. ते जमलं की दोन आकड्यांत, मग एकात. शहाबादी फरशीवर हे करू नका. शाळेच्या हॉलमध्ये क्लास असेल तर निदान दोन मॅट अंथरा. उलट मॅटवर गिरकी घेताना तळपाय चिकटतो आणि गुडघा पिळवटतो, म्हणून वळणांचा सराव दोन्ही पृष्ठभागांवर हवा. स्पर्धा मॅटवरच असते, ८ मीटर बाय ८ मीटर.

दुसरी जागा निदान-गेरीची, म्हणजे उडीतल्या दुहेरी लाथेची. लोक उंचीच्या मागे लागतात. पंचाला उंची दिसते हे खरं, पण उतरताना पडलेलं अर्धं पाऊल त्याहून जास्त दिसतं. तोल जाणं ही नोंद होणारी चूक आहे. पहिल्या पायाचा गुडघा छातीकडे जोरात गेला तर उंची आपोआप मिळते. दुसरी लाथ सर्वांत उंच क्षणी, खाली येताना नाही. उतरल्यावर सरावात दोन आकडे पुतळ्यासारखं थांबा.

उड्यांचं प्रमाण: आठवड्यातून दोन दिवस, मधे ४८ तास, चार फेऱ्या पाच-पाच उड्यांच्या, फेऱ्यांमध्ये दोन मिनिटं विश्रांती. एवढं पुरे. दमलेल्या पायांनी मारलेली तिसावी उडी फक्त वाईट सवय लावते. वाढत्या वयातल्या मुलामुलींना गुडघ्याच्या खाली हाडाच्या उंचवट्यावर दुखू लागलं तर उड्या लगेच बंद करून डॉक्टरांना दाखवा. तेल चोळून पुन्हा मैदानात पाठवू नका.

पायांसाठी शिको-दाचीत ४५ सेकंद, चार वेळा, मधे एक मिनिट. तोलासाठी डोळे मिटून एका पायावर ३० सेकंद. पूर्ण वेगाचा काता एका सत्रात चार ते सहा वेळाच, आणि दोन वेळांच्या मधे चार मिनिटं. वीस वेळा काता मारून घेणारे क्लास पाठांतर पक्कं करतात, वेग मारतात. शेवटच्या तीन आठवड्यांत आठवड्यातून एकदा स्पर्धेची रंगीत तालीम करा: ठरवलेल्या क्रमाने सगळे काते, दोन कात्यांच्या मधे वीस मिनिटं, ड्रेस घालून, नाव पुकारून, अनोळखी माणसांसमोर. अनोळखी माणसं मिळाली नाहीत तर शेजारच्या काकू चालतील.

आवाज, पट्टा, केस

पाय मुद्दाम आपटणं, छातीवर किंवा ड्रेसवर थाप मारणं, उगाच सुस्कारे सोडणं या चुका धरल्या जातात. जाड सुती कापडाचा ड्रेस तंत्र बरोबर असेल तर स्वतःच वाजतो. बाही मनगटाच्या खाली जाऊ नये आणि कोपर ते मनगट यांच्या मध्यापेक्षा आखूड नको. बाही दुमडणं चालत नाही. पँटने नडगीचा दोन तृतीयांश भाग झाकायला हवा, घोट्याच्या खाली मात्र नको. मुलींना आतून साधा पांढरा टी-शर्ट चालतो. केसांना रबर चालतो, रिबिनी आणि मणी चालत नाहीत.

पट्टा लाल किंवा निळा, गाठीच्या दोन्ही बाजूंना १५ सेंटीमीटर तरी लोंबायला हवा, पण मांडीच्या तीन चतुर्थांशापेक्षा खाली नको. पट्टा कमरेवरून घसरू लागला तर गुण जातात, सुटून पडला तर काता बाद. नवा पट्टा गुळगुळीत असतो आणि गाठ सैल होते. निदान पंधरा दिवस सरावात वापरून मऊ करा. गाठ बांधताना पोट आत ओढू नका. श्वास सोडून, पोट सैल ठेवून बांधा, नाहीतर पहिल्या खोल श्वासालाच पट्टा वर सरकतो आणि मग तो सुटायची वाट बघायची.

मॅटवर

कडेला उभं राहून नमस्कार, मग जागेवर या. मिरवणुकीसारखं हळू चालत येणं आणि वारंवार वाकणं ही वेळकाढूपणाची चूक धरली जाते. काताचं नाव स्पष्ट, तोडून, शेवटच्या भिंतीपर्यंत पोहोचेल असं म्हणा. एक नाव सांगून दुसरा काता मारला तर बाद, मग तो कितीही देखणा का असेना. घाईत कांकू-दाई आणि कांकू-शो यांची अदलाबदल होते, म्हणून नाव आणि पहिली चाल एकत्रच घोटा: नाव म्हणताच अंगाला पहिली चाल आठवली पाहिजे.

मधे एखादी चाल विसरली तर थांबू नका. स्पष्ट थांबलात तर काता बाद होतो. चूक करून पुढे गेलात तर फक्त गुण कमी होतात. यासाठीही सराव लागतो. रंगीत तालमीत कोणाला तरी मधेच टाळी वाजवायला सांगा आणि टाळीनंतर अजिबात न अडखळता पुढची चाल करा.

शेवटची चाल झाली की खेळाडूचं मन आधीच गुणफलकाकडे धावतं, खांदे पडतात, नजर खाली जाते. तेव्हाही काता चालूच असतो. शिमिझूचा शेवट बघा: शेवटच्या तंत्रानंतर तिची नजर हलत नाही, पाय घाई न करता एकत्र येतात आणि मग ती वाकते. शेवटचा नमस्कार राहिला तर सगळा काता बाद होतो, म्हणून सरावातही प्रत्येक वेळी तो पूर्ण करा, अगदी अर्धवट सोडलेल्या कात्यानंतरही.